कन्व्हर्टरनं खाल्लेली पंधरा पावलं

वाशिम जिल्ह्यातल्या मानोऱ्यात माझं फोटोचं दुकान आहे, आणि लग्नसराई नसली की मी पाखरांमागे हिंडतो. त्या पाखरांपायीच टू-एक्स कन्व्हर्टर घेतला. कॅमेरा आणि मोठी लेन्स यांच्यामधे बसवायचा हा मुठीएवढा काचेचा डबा. दोनशे एमएमची लेन्स चारशेची होते, लांबचं दुप्पट मोठं दिसतं. फुकटात नाही होत बरं! उजेड चौथाई उरतो, फोकस म्हाताऱ्या बैलासारखा रेंगाळतो, फोटोची धारही जराशी मरते. आणि एवढ्या लांबून काढलं की मागचा माणूस पुढच्याला येऊन चिकटतो. मधलं अंतर फोटोत दिसतच नाही. हे सगळं मला पक्कं माहीत होतं. म्हणून तर माझा संताप माझ्यावरच आहे.

पोहरादेवीच्या यात्रेत मी ओळखीच्या एका दुकानाच्या स्लॅबवर उभा होतो. चैत्राचं ऊन, उजेडाला तोटा नाही, त्यामुळे कन्व्हर्टर लावून मनसोक्त फोटो काढणं चाललं होतं. तोंडासमोर कॅमेरा धरला की आपली माणसं लाकडासारखी ताठ होतात. दुरून काढलं की त्यांना पत्ताच नसतो. याचा मला भारी अभिमान! खाली लांब रसवंतीपाशी आमच्या शेजारच्या काकांची मुलगी दिसली. वाशिमला नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला होती, रोज एसटीनं जाऊन-येऊन करायची. मला दादा म्हणायची. मैत्रिणीचं काहीतरी ऐकून ती खदखदा हसत होती, आणि मैत्रीण माझ्या चौकटीच्या बाहेर होती. तिच्या मागे, खेळण्यांच्या दुकानापाशी, कोणी अनोळखी पोरगा आपल्या मोबाइलमधे बघून हसत होता. दोघांत पंधरा पावलं होती. मी नंतर जाऊन मोजली. पण कॅमेऱ्यात दोघं खांद्याला खांदा लावून उभी होती. मी बटण दाबलं.

संध्याकाळी दुकानात बसून फोटो सजवला. खाली कागदी गिलास, चिपाडं, चपला, नुसता पसारा. तेवढा भाग कापून टाकला. त्यात पायही गेले. तिचे पाय पुढे, त्याचे पार मागे. ते दिसले असते तर शेंबड्या पोरालाही अंतर कळलं असतं. मग धार वाढवली, रंग चढवला आणि 'यात्रेचा आनंद' असं लिहून गावाच्या ग्रुपवर टाकला. दुसऱ्या दिवशी लग्नाची ऑर्डर होती, म्हणून कार्ड रिकामं केलं. ही माझी नेहमीची रीत, चांगलं तेवढं ठेवायचं, बाकी पुसायचं.

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत गावात सुरू झालं. "पोरगी वाशिमले शिकाले जाते का हिंडाले?" "तो कोन हाय बे?" मी ग्रुपवरून फोटो पुसून टाकला, पण तोवर तो घरोघरच्या मोबाइलात जाऊन बसला होता. काकांनी तिची एसटी बंद केली.

तिसऱ्या दिवशी ती आईला घेऊन दुकानात आली. डोळे सुजलेले.

"दादा, पुरा फोटो दाखवा ना बाबाले. खालचा भाग असन ना तुमच्याजवळ?"

"नाई," मी म्हणालो. "पुसला."

"काहून पुसला?"

तिची आई तिचा हात धरून निघाली. तिनं मला चार शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

म्हणून मी दुसरी शक्कल लढवली. कॅमेरा, लेन्स, कन्व्हर्टर, सगळं घेऊन काकांच्या घरी गेलो. घरामागे सरळ गाडरस्ता आहे. काकांना पुढे उभं केलं आणि समोरच्या घरातल्या म्हाताऱ्या आजोबांना मोजून पंधरा पावलं मागे. मी सव्वाशे पावलं लांब गेलो, फोटो काढला, पळतच परत आलो आणि दाखवला. आजोबा हसायलाच लागले. "अरे बाप्पा! मी तं याच्या खांद्यावरच येऊन बसलो!" मुलगी दारात उभी होती. तीन दिवसांत पहिल्यांदा तिच्या चेहऱ्यावर जरा रंग आला. मला वाटलं, जिंकलो.

काकांनी फोटो बराच वेळ पाहिला आणि कॅमेरा माझ्या हातात परत दिला.

"मले पटलं," ते म्हणाले. "मले तं आंधीच माईत होतं. माही पोरगी कशी हाय, हे मले तुह्या काचीतून पाहा लागते काय?"

"मंग जाऊ द्या ना तिले कालेजात!"

"तू हा डबा घेऊन कोना-कोनाच्या दारात जाशीन? गावोगाव फिरून राह्यला तो फोटो. लोकाइच्या तोंडाले मी कुलूप लावू काय?"

मी भांडलो. पाया पडलो. मुलगी दारातून आत निघून गेली. न समजणाऱ्या माणसाला समजावता येतं हो. पण ज्याला खरं ठाऊक आहे आणि तरीही जो पोरीला घरात बसवतो, त्याच्यापुढे किती डोकं फोडायचं? फार चीड आली काकांची. अजून येते. पण त्यांना बोल लावायला मला तोंड कुठे आहे?

पावसाळ्याच्या आत तिचं लग्न ठरलं. मुलगा बरा आहे म्हणे. फोटोची ऑर्डर काकांनी मलाच दिली. मी नको म्हणालो तर चिडले. "तू नाई आला तं लोक म्हनतीन, फोटोत काईतरी होतंच!" म्हणजे माझं जाणंही लोकांसाठीच. गेलो. कन्व्हर्टर घरी ठेवला, छोटी लेन्स लावली आणि स्टेजवर अगदी चार हातांवर उभा राहिलो.

नवरा हसत होता. ती सरळ समोर बघत होती. शेकडो लग्नांतली सवय, जीभ आपसूक वळली. "ताई, थोडं हसा."

तिनं माझ्याकडे पाहिलं. आवाज चढवला नाही, रडलीही नाही.

"यात्रेत हासली होती ना मी, दादा. तेवढं हासनं पुरलं नाई काय तुमाले?"