बुडालेली विहीर

उन्हाळ्यात धरणाचं पाणी शहराकडे गेलं, की तळाशी बुडालेलं आमचं जुनं गाव उघडं पडतं. नव्या वसाहतीतले नळ कोरडे, म्हणून शेजारच्या सुंदरकाकू घागर घेऊन निघाल्या. मीही सोबत गेलो. सगळा सपाट गाळ; पण काकू सरळ चालेनात. गल्ली वळायची तिथं वळल्या, देऊळ होतं तिथं चपला काढल्या. शेवटी एका जुन्या विहिरीशी थांबल्या. तिच्यात पाणी होतं.

धरणाच्या भिंतीवरून पहारेकरी ओरडला, “मावशी, ते पाणी आरक्षित आहे!”

“आरं बाबा, माझ्या सासऱ्यानं खांदलेली हीर हाय ही!”

गाव उठवताना पाणी सगळ्यांचं आहे, असं सांगितलं होतं.

पहारेकरी पुढं गेला. काकूंनी घागर सोडली. पण त्याआधी, स्वतःच्याच विहिरीवर, चोरासारखं मागं वळून पाहिलं.