पाठीवरचं रफू

रफूताईला जाड चष्म्यातूनही रस्त्यापलीकडचा माणूस ओळखू यायचा नाही. जावईबुवा समोरून आले तरी ही बाई सरळ चालती व्हायची, आणि मग महिनाभर रुसवेफुगवे. पण नाकापासून चार बोटांवरचं काही दाखवा! चष्मा कपाळावर सरकवायचा, कापड तोंडाशी धरायचं, की एकेक धागा तिला दोरखंडासारखा दिसायचा. आतल्या शिवणीतून त्याच कापडाचे धागे काढून भोकावर उभे-आडवे असे विणायची, की गिऱ्हाईक विचारायचं, "ताई, होतं कुठे हो ते?" तीस वर्षं त्या एका प्रश्नावर तिने मान ताठ ठेवली.

डोळ्यांच्या ऑपरेशनचा हट्ट लेकीचा. "आई, किती दिवस ती बाटलीची बुडं नाकावर मिरवणार? मी करते ना सगळं!" लेकीने एवढ्या हौसेने धरलेलं, नाही कसं म्हणणार? दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, "काम काय करता?" आणि आमच्या रफूताईने, आयुष्यभर सगळ्यांना सांगितलं तेच सांगितलं, "काही नाही हो, घरीच असते." आता काय म्हणावं या बाईला! अहो, अर्धं गाव जिच्या टाक्यांवर अब्रू झाकून फिरतं, ती म्हणे घरीच असते! डॉक्टर म्हणाले, "दूरचं स्वच्छ दिसेल, पण तुमच्या वयाला वाचायला चष्मा लागेल." ही हसली. "मी कुठली वाचतेय!" आणि सही ठोकून मोकळी.

पहिला आठवडा डोळ्यांत वाळू गेल्यासारखा गेला. दिवसातून चार वेळा थेंब, डोळे चोळायचे नाहीत, घरातसुद्धा काळा गॉगल. मग एका सकाळी खिडकीतून समोरच्या गच्चीवरच्या दोरीचे चिमटे दिसले. अकरा! लेकीला हाक मारून तिने मोजून दाखवले. दोघी रडल्या, आणि रडल्याबद्दल लेक पुन्हा ओरडली.

त्याच दुपारी तिने मास्तरांचा कोट काढला. शेजारच्या गल्लीतले निवृत्त मास्तर. बायको जाऊन वर्ष झालेलं, कोट त्या बायकोनेच घेऊन दिलेला. पाठीवर कसर लागून रुपयाएवढं भोक. रफूताईने सवयीने कपाळाशी हात नेला. तिथे चष्मा नव्हता. कापड नाकाशी आणलं, तर नुसता राखाडी धूर. दूर नेलं, तर कापड दिसलं, धागा नाही. सुई ओवायलाच पाऊण तास गेला. तेव्हा बाई पार घाबरली.

डॉक्टरांनी तपासलं. "दूरचं एकदम उत्तम आहे. जवळच्याला चाळिशी लागणार, सांगितलं होतं मी."

"वाचायला म्हणाला होतात."

"मग?"

"मी रफू करते," ती म्हणाली. आयुष्यात पहिल्यांदाच ती हे कुणाला असं सांगत होती, आणि तेही कधी, तर सगळं होऊन गेल्यावर. "तुमचा जुना नंबर म्हणजे तुमचं भिंगच होतं की हो! आधी बोलायचं ना," डॉक्टर म्हणाले, आणि चाळिशीचा नंबर लिहून दिला. घरी लेकीने विचारलं तर ही म्हणाली, "सगळं छान आहे म्हणाले."

चाळिशी लावून धागा दिसायचा, नाही असं नाही. पण पूर्वीसारखा नाही. कोटाचं रफू तिने तीनदा उसवलं. चौथ्यांदा बोटांनी चाचपून बघितलं, सपाट लागलं. मास्तर आले, चष्मा पुसून पाठ निरखली आणि म्हणाले, "वा! होतं कुठे हो ते?" त्यांनी तिथेच कोट चढवला. तिचा जीव भांड्यात पडला.

मास्तर रस्ता ओलांडून समोरच्या थांब्यावर पाठमोरे उभे राहिले. रफूताई दारात आली. तीस वर्षांत आपलं काम असं लांबून, माणसाच्या अंगावर, तिने कधी बघितलंच नव्हतं; तिच्या जुन्या डोळ्यांना तिथे कोट आहे एवढंही कळलं नसतं. आता उजव्या खांद्याखाली तो ठिगळासारखा डाग अख्ख्या रस्त्याला दिसत होता. भोवतालचं कापड एका बाजूला ओढलं गेलेलं. हाक मारावी म्हणून तिने तोंड उघडलं. पण हाक मारून करणार काय होती?

बस आली, मास्तर कोट सावरत चढले. मागून लेकीने खांद्यावर हनुवटी टेकवली. "काय बघतेस गं एवढं? दिसतोय का बसचा नंबर?"

"दिसतो," रफूताई म्हणाली. "सगळं दिसतं गं बाई."

लेक खूश होऊन आत गेली.