आण्णांसाठी केळ्याचा ब्रेड

आण्णांना, म्हणजे माझ्या सासऱ्यांना, शुगर निघाली. सगळी नोकरी साखर कारखान्याच्या गोदामात गेलेली, त्यामुळे सोनईतल्या त्यांच्या मित्रांना चेष्टेला विषय मिळाला. आण्णाही हसले. गोळ्या सुरू झाल्या, चहातली साखर बंद झाली, भात कमी झाला. त्यांनी सगळं निमूट ऐकलं. अडचण एकच होती. दुपारच्या चहाबरोबर त्यांना काहीतरी मऊ आणि गोड लागायचं. सासूबाई होत्या तेव्हा त्या बेकरीतला केक बशीत काढून द्यायच्या. त्या गेल्या आणि सवय मागे राहिली.

आमच्या ह्यांचं मोटार रिवायंडिंगचं दुकान स्टँडजवळ आहे. एका दुपारी ते दुकानातून बाहेर आले, तर आण्णा बेकरीच्या बाकावर मित्रांबरोबर बसून क्रीमरोल खात होते. हे तिथंच बोलले, "आण्णा, लहान आहात का तुम्ही? डॉक्टरांनी काय सांगितलंय?"

आण्णांनी उरलेला रोल कागदात ठेवला आणि घरी आले. मी शाळेतल्या नोकरीवरून येऊन नुकतीच टेकले होते. "चारचौघात बापाला बोललं पोरगं," एवढंच म्हणाले आणि आत जाऊन पडले.

त्या दिवसापासून बापलेकांचं बोलणं बंद झालं. भांडण असं काही नाही. आण्णा आधी जेवायचे, हे नंतर. काही सांगायचं झालं की माझ्यामार्फत. "त्याला म्हनावं, पान्याची टाकी गळती हाय." टाकी दुरुस्त व्हायची, पण शब्द नाही. मला दोघांचंही पटत होतं, त्यामुळे कुणाची बाजू घ्यावी ते कळेना.

त्याच आठवड्यात ह्यांच्या चुलतभावानं शेतातून केळ्यांच्या दोन फण्या आणून दिल्या. केळी सगळी एकदम पिकली, सालीवर काळे ठिपके पडले. नगरला राहणाऱ्या माझ्या बहिणीनं मागे केळ्याच्या ब्रेडचा व्हिडिओ पाठवला होता, मैद्याऐवजी गव्हाच्या पिठाचा. मी ठरवलं, करून बघू. दिवाळीत घेतलेला ओव्हन तसा रिकामाच होता.

आधी डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, "केळ्यातही साखर असतेच, बाई. गूळ घालून पौष्टिक झालं असंही समजू नका. पातळ एक तुकडा द्या, आणि त्या दिवशी भाकरी थोडी कमी."

पहिल्या खेपेला मी जास्तच पौष्टिक करायला गेले. ज्वारी आणि बाजरीचं पीठ, साखर नाही, तेल अगदी नावाला. सुरी लावली तर सगळा भुगा झाला. शिवाय बाजरीचं पीठ डब्यात बरेच दिवस पडलेलं, ते कडू लागत होतं. आण्णांनी चमच्यानं भुगा तोंडात टाकला, बराच वेळ चावला.

"ह्याला काय म्हनत्यात?"

"केळ्याचा ब्रेड."

"गुरांना चालंल का?" ते म्हणाले. मग माझं तोंड बघून म्हणाले, "न्हाई, चव वाईट न्हाई गं. पर पीठ जुनं हाय. भाकरीला तू आसलं पीठ घेशील का?"

घेतलं नसतंच. भाकरीच्या पिठाचं मला कळत होतं. केक म्हटल्यावर मात्र डब्यात काय आहे ते ओतलं. ज्वारी-बाजरीला चिकटपणा नसतो, नुसत्या त्या पिठांचा केक धरणार नाही, हेही माझ्या तेव्हा डोक्यात आलं नाही. दुसऱ्या दिवशी आण्णा स्वतः गिरणीत गेले आणि खपली गहू थोडा आणि त्याच्या निम्मी ज्वारी दळून आणली. पिठाची पिशवी अजून कोमट होती.

ह्यांनी हे सगळं पाहिलं. मग नगरला मोटारीचं सामान आणायला गेले तेव्हा भांडी बाजारातून एक लांबट टिन घेऊन आले आणि ओट्यावर ठेवून दिलं. पहिला ब्रेड मी स्टीलच्या डब्यात भाजला होता.

रविवारी पुन्हा केलं. आण्णा खुर्ची घेऊन स्वयंपाकघराच्या दारात बसले आणि केळी काट्यानं कुस्करून दिली. मी त्यात दही, शेंगदाण्याचं तेल, वाटलेला खजूर थोडासा, वेलदोडा घातला. पीठ, चिमूटभर मीठ आणि खायचा सोडा चाळून मिसळला. वर भाजलेल्या शेंगदाण्याचा जाडसर कूट. टिन ओव्हनमध्ये गेलं. थोड्या वेळानं घरभर वास सुटला, केळी आणि वेलदोड्याचा, आणि हेही बाहेरच्या खोलीतून आत येऊन उभे राहिले.

तेवढ्यात लाईट गेली.

मी ओव्हनचं दार उघडायला गेले, तर आण्णा ओरडले, "उघडू नको, बसंल ते!"

"बंद ठेवून तरी काय होणार? आत कच्चंय अजून," मी म्हणाले.

हे म्हणाले, "इन्व्हर्टरवर ओव्हन चालणार नाही. मोठा कुकर काढ. खाली मीठ घालू."

मी कुकरच्या तळाला मीठ पसरलं, वर जाळी ठेवली, शिट्टी आणि रिंग काढली आणि गॅस पेटवला. कुकर तापू दिला. मग ह्यांनी दोन्ही हातांना फडकी गुंडाळून गरम टिन बाहेर काढलं.

"सावकाश," आण्णा म्हणाले. "तिरकं करू नको. हातावर सांडंल."

"झाकण धरा तुम्ही."

"धरलंय."

टिन आत बसलं, आण्णांनी वरून झाकण ठेवलं. तेव्हा ह्यांच्या मनगटाला कुकरची कड लागली. आण्णांनी त्यांचा हात धरून नळाखाली नेला. लहान मुलाचा धरावा तसा धरून ठेवला आणि पाणी सोडलं. हे म्हणाले, "काही नाही, आण्णा, जरासंच लागलंय."

"आसू दे. पान्याखालीच ठेव."

मी गॅस बारीक करायचं निमित्त करून पाठ फिरवली.

ब्रेड मधोमध खचला, टिन हलवल्यावर खचणारच होता. पण सुरी आतून कोरडी आली. थोडा निवू द्यायला हवा होता, कुणाला दम निघाला नाही. आण्णांनी त्यांचा तुकडा बिनसाखरेच्या चहाबरोबर खाल्ला, बोटावरचे शेंगदाण्याचे कणसुद्धा टिपले.

"लई झ्याक झालाय," ते म्हणाले. मग ह्यांच्याकडे न बघता, "बेकरीत बसतो ते नुसतं खायला न्हाई जात मी. चार मानसं भेटत्यात."

"बसा ना," हे म्हणाले. "बसायला कोण नाही म्हणतंय? मी तिथं बोलायला नको होतं."

आण्णांनी मान हलवली आणि दुसऱ्या तुकड्याकडे हात नेला. मी ताटली उचलली. तेवढ्यावरून दोघंही हसले.

त्यानंतर बहुतेक रविवारी हा ब्रेड होतो. पुढच्या तपासणीत आण्णांची शुगर थोडी उतरलेली आली. ती गोळ्यांनी उतरली, सकाळच्या चालण्यानं की क्रीमरोल कमी झाल्यानं, ते डॉक्टरांनाही नेमकं सांगता आलं नाही. गोळ्या सुरूच आहेत. कधी आण्णा तुकडा जास्त घेतात, मग रात्री ते भाकरी निम्मीच घेतात.

मागच्या रविवारी मी माहेरी, शेवगावला गेले होते. दुपारी ह्यांचा फोन आला. "सोडा कुठल्या डब्यात असतो?" मी सांगायच्या आत मागून आण्णांचा आवाज आला, "तिला कशाला इचारतो? सापडंल मला." फोन बंद झाला.

संध्याकाळी घरी पोचले तर टिन घासून पालथं घातलेलं होतं. सोडा त्यांना सापडलाच नव्हता, ब्रेड तसाच भाजला होता. वडीसारखा घट्ट झाला होता आणि दोघांनी अर्धा संपवलाही होता. मी चहा टाकला आणि एक तुकडा त्यात बुडवून खाल्ला.