दोन ओळींमधलं टिंब

"मला गाता येत नाही, म्हणून तर मला चूक दिसते," टिंबताई एकदा म्हणाल्या होत्या.

समोर तेव्हा एक नामवंत गायक बसले होते. स्वतःच्या चालींच्या पुस्तकाची छापण्याआधीची मुद्रितं त्यांनी घरी नेऊन तपासली होती, शेवटच्या पानावर 'एकही चूक नाही' असं लिहून झोकदार सही केली होती, आणि ताईंनी त्यातल्या एकाच चालीत चौदा चुका काढून ठेवल्या होत्या. गाणाऱ्या माणसाचं असंच होतं. पानावर काही का छापलेलं असेना, गळा त्याच्या सवयीनं बरोबर तेच म्हणून मोकळा होतो. ताईंना गळाच नव्हता. त्या ओठ मिटून, पेन्सिलीचं टोक एकेका स्वरावर टेकवत, पानावर असेल तेवढंच वाचायच्या. गायक तणतणत जिना उतरले. पुढच्या पुस्तकाच्या वेळी मात्र 'आधी त्या बाईंना दाखवा' असा निरोप त्यांच्याकडूनच आला.

चष्म्याच्या दुकानावरच्या दोन खोल्या, एवढंच ताई जिथे मुद्रितं तपासायच्या ते प्रकाशनगृह. तिथून फक्त संगीतावरची पुस्तकं निघत. संगीताचे इतिहास, चाल कशी बांधावी ते शिकवणारी पुस्तकं, रचनाकारांची चरित्रं, स्वरलिपीचे संग्रह. थोरल्या मालकांचा तसा हट्टच होता. थोरले मालक जाऊन अकरा वर्षं झाली, त्यांच्या मुलानं पन्नाशी ओलांडली, त्याचे केस गेले, गुडघे कुरकुरायला लागले, पण ताईंच्या तोंडी तो अजून 'धाकटे'च होता. त्याची धाकट्यांना हरकत नव्हती. जगात कुणीतरी आपल्याला अजून धाकटं म्हणतंय, यात त्यांना थोडं बरंही वाटे.

टिंबताई हे नाव थोरल्यांनीच ठेवलेलं. स्वरलिपीत अक्षराखाली टिंब दिलं की तो स्वर खालच्या सप्तकातला, डोक्यावर दिलं की वरच्या सप्तकातला, आणि टिंब नसेल तर मधला. सगळा खेळ त्या मोहरीएवढ्या ठिपक्याचा. एकदा ताईंनी मुद्रितातलं एक टिंब खोडून समासात लिहिलं होतं, 'हे माशीचं आहे.' थोरल्यांनी भिंग लावून पाहिलं. खरंच माशीचं होतं.

हे वाचन त्या शाळेत शिकल्या, तेही शिक्षा म्हणून. गाण्याच्या तासाला संगीतमास्तरांनी त्यांचा आवाज एकदा ऐकला, डोळे मिटून घेतले आणि त्यांना शेवटच्या बाकावर पाठवलं. सांगितलं, तू गाऊ नकोस, पुस्तक उघडून बस आणि बाकीच्या कुठे चुकतात ते बघ. सहा वर्षं त्या बघत बसल्या. मास्तर लाल शाईनं वह्या तपासायचे. फुल्यांना तोटा नव्हता, 'बरोबर'ची खूण मात्र वर्षातून एखाद्याच्याच नशिबी यायची. तिची शेपटी लांब, ओळ सोडून पार समासात जाणारी. वर्गातल्या मुली ती खूण आईला दाखवायला वही छातीशी धरून घरी न्यायच्या. ताईंच्या वहीत ती कधी उमटली नाही.

पुढे याच मास्तरांनी उतारवयात बांधलेल्या चाळीस चालींचा संग्रह थोरल्यांनी काढला. मुद्रितं ताईंनी वाचली. पहिली प्रत त्यांनी स्वतः कागदात गुंडाळून मास्तरांना पाठवली. पोच आली नाही. दोन वर्षांनी मास्तर गेले. 'आवडलं नसेल,' एवढंच त्या एकदा धाकट्यांजवळ बोलल्या होत्या.

पुस्तकानं मात्र नाव काढलं. त्यातली एकोणिसावी चाल तर घराघरांत गेली. मास्तरांनी ती कुणाला शिकवली नव्हती, जो तो पुस्तकावरूनच शिकला. दुसरी ओळ संपता संपता आवाज एकदम वर उडी घेतो आणि तिसऱ्या ओळीच्या सुरुवातीला वरच्या 'सा'वर जाऊन थांबतो. त्या उडीवर लोक फिदा होते.

सत्तावीस वर्षांनी त्याच उडीवर प्राध्यापकांचं पुस्तक छापायला आलं. प्राध्यापक म्हणजे थोरल्यांचे जिवलग मित्र. नवं सुचतं कसं, हा त्यांच्या आयुष्यभराचा विषय, आणि सातवा धडा हे त्या पुस्तकाचं काळीज. अठरा पानांत त्यांनी दाखवलं होतं की सगळे नियम त्या जागी खाली उतरायला सांगत असताना मास्तर वर का गेले, आणि प्रतिभा नियम कसा मोडते. उतारा मुळाबरहुकूम आहे ना ते पाहायला ताईंनी कपाटाच्या तळातून मास्तरांचं हस्तलिखित काढलं. धाकटे समोरच बसले होते. ताईंची पेन्सिल एका जागी थांबली. पाच मिनिटं झाली, दहा झाली, पेन्सिल हलेना.

"धाकटे, जरा इकडे या," त्या म्हणाल्या.

मास्तर कागदाच्या बाबतीत चिक्कू. ओळी एकमेकींच्या अंगावर बसवलेल्या. दुसऱ्या ओळीच्या शेवटी 'नी', आणि बरोब्बर त्याच्या खाली, तिसरी ओळ सुरू होताना 'सा', कारण दुसरी ओळ आखूड होती आणि तिसरी आत सरकवून लिहिली होती. दोघांच्या मध्ये एकच टिंब. सत्तावीस वर्षांपूर्वी ताईंनी ते 'सा'च्या डोक्यावरचं धरलं होतं, त्यामुळे 'नी'ही मधल्या सप्तकात चढला होता. आज त्यांना ते 'नी'च्या पायाशी दिसत होतं. शाईचा थेंब 'नी'ला चिकटलेला होता, 'सा'पासून केसभर दूर. म्हणजे मास्तरांची चाल खालच्या 'नी'पर्यंत उतरून साध्या मधल्या 'सा'वर येत होती. उडी त्यात नव्हतीच. उडी ताईंनी घातली होती.

धाकट्यांनी खूप वेळ डोकं खाजवलं. मग त्यांनी सांगून पाहिलं, की कुणाला कळणार नाही, चाल लोकांच्या तोंडी बसली आहे, प्राध्यापकांचं वय झालंय, हे त्यांचं शेवटचं पुस्तक.

"मला कळलंय ना," ताई म्हणाल्या.

त्यांनी मुद्रितातल्या 'सा'च्या डोक्यावरचं टिंब खोडलं, 'नी'च्या खाली टिंब दिलं. मग शुद्धिपत्र लिहायला घेतलं, 'ही चूक मुद्रितशोधकाची' असं, खाली स्वतःचं पूर्ण नाव घालून. ते नाव धाकट्यांनी इतक्या वर्षांत छापायला म्हणून पहिल्यांदाच पाहिलं. हे छापलं गेलं की कुणी आपल्यावर पुन्हा स्वरलिपी सोपवणार नाही, असं ताईंनी स्वतःच ठरवून टाकलं होतं. नाही छापलं तर त्या मास्तरांच्या चालीचा गळा दुसऱ्यांदा, आणि या खेपेला जाणूनबुजून, दाबणार होत्या. त्यांच्यासाठी प्रश्न एवढाच होता.

प्राध्यापकांना त्यांनी स्वतःच सांगितलं. प्राध्यापकांनी ऐकून घेतलं, चष्मा पुसला, पुन्हा घातला.

"म्हणजे माझी वीस वर्षं तुमच्या एका टिंबावर उभी आहेत म्हणता?"

"हो, सर."

"बाई, तुम्हाला गाता तरी येतं का?"

"नाही."

प्राध्यापक उठले. जाताना म्हणाले की मास्तरांची लेक अजून जुन्याच घरी राहते, तिच्याकडे मास्तरांचे सगळे कागद आहेत, आणि आता ते स्वतः जाऊन पुरावा आणतील. 'पुरावा' हा शब्द त्यांनी असा काही उच्चारला की धाकट्यांना ताईंची कीव आली.

पुढचे चार दिवस ताई नेहमीसारख्या दहाला यायच्या, सहाला जायच्या. मधल्या वेळात त्यांनी टेबलाचा खण रिकामा केला. खोडरबरं, पेन्सिलींचे अंगठ्याएवढे उरलेले तुकडे, माशीच्या टिंबाचं ते पान, जे थोरल्यांनी त्यांना वाढदिवसाला चौकट करून दिलं होतं. धाकट्यांनी विचारलं, ताई, हे काय. त्या म्हणाल्या, धूळ फार झाली होती. ज्या बाईनं हजारो पानांत दुसऱ्यांच्या चुका मुकाट्यानं निस्तरल्या, तिनं आपली एक चूक इतक्या बिनतक्रार डोक्यावर घ्यावी, हे धाकट्यांना बघवत नव्हतं. ती चूक आपली असती तर आपण काय केलं असतं, हेही त्यांना पुरतं ठाऊक होतं, आणि त्यामुळे ते ताईंच्या नजरेला नजर देत नव्हते.

पाचव्या दिवशी दुपारी तीनच्या सुमाराला प्राध्यापक जिना चढून आले. दम लागला होता. त्यांनी पिशवीतून छापील संग्रह काढला. पुठ्ठ्याचे कोपरे झिजलेले, आत ताईंच्याच अक्षरात 'मास्तरांना' असं लिहिलेलं. ती पहिली प्रत.

"तुमचं बरोबर निघालं, बाई," ते म्हणाले. "आणि माझंही. कसं ते सांगत नाही, बघा तुम्हीच."

मास्तरांनी अख्खं पुस्तक तपासलं होतं, शाळेच्या वहीसारखं. चालीगणिक लाल शाई. कुठे लय बदललेली, कुठे शब्द. एकोणिसाव्या चालीत दुसऱ्या ओळीतल्या 'नी'खाली छापताना हरवलेलं टिंब त्यांनी लाल शाईनं परत ठेवलं होतं. म्हणजे चूक त्यांनी पाहिली होती. पण खालच्या ओळीतल्या 'सा'च्या डोक्यावरचं टिंब खोडलं नव्हतं. त्याच्याशेजारी एक खूण होती. शेपटी लांब, ओळ सोडून पार समासात गेलेली.

प्राध्यापक खुर्चीच्या पाठीला धरून उभे राहिले आणि त्यांनी त्या दोन ओळी गुणगुणल्या. आवाज म्हाताऱ्याचा, थरथरता. तो खालच्या 'नी'पर्यंत गेला, विहिरीत वाकून पाहावं तसा, आणि तिथून सरळ वरच्या 'सा'वर. अशी ती चाल आजवर कुणीच म्हटली नव्हती. हस्तलिखितात ती अशी नव्हती, पुस्तकातही नव्हती. उडी आणखी लांब झाली होती.

"सातवा धडा पुन्हा लिहायला लागणार," प्राध्यापक खाली बसत म्हणाले. त्यांना राग आलेला दिसत नव्हता. "प्रतिभा कुणाची ते आता मलाच कळेनासं झालंय. तुमचं नाव घालतो, बाई. शुद्धिपत्रात कशाला, धड्यातच."

ताईंनी त्या खुणेवर बोटाचं टोक टेकवलं, शाई अजून ओली असावी इतकं हलकं, आणि शेपटीवरून ते समासापर्यंत नेलं. मग पुस्तक मिटलं. खोडलेलं पुन्हा कायम ठेवायचं असेल तर मुद्रितशोधक त्याच्याखाली टिंबांची रांग देतो. ताईंनी सातव्या धड्याचं मुद्रित पुढे ओढलं, आपण खोडलेल्या टिंबाखाली पेन्सिलीनं एक, दोन, तीन, चार टिंबं दिली. 'नी'खालचं टिंब होतं तिथेच ठेवलं. शुद्धिपत्राची घडी घालून पिशवीत टाकली. मास्तरांची प्रत दोन्ही हातांनी उचलली, छातीशी धरली आणि साडेतीनला, सहा वाजायला अडीच तास असताना, त्या दारातून बाहेर पडल्या.