लीलाकाकू आधी हसतात

शेजारच्या लीलाकाकूंचे कान तरुणपणीच गेले. त्या आमच्याकडे टीव्ही बघायला यायच्या, तेव्हा त्यांचं निम्मं लक्ष आमच्या चेहऱ्यांकडे असायचं. आम्ही हसलो की मग त्या हसायच्या, जरा उशिरा, परक्या घरी हसावं तसं.

नव्या टीव्हीवर आता मालिकेतलं बोलणं खाली मराठीत लिहून येतं. टीव्हीच्या बाकीच्या करामतींना मी नाक मुरडते, पण त्या बारीक अक्षरांच्या ओळीला मनातून हात जोडते. पात्राचं वाक्य संपायच्या आत काकूंचं वाचून झालेलं असतं.

काल त्या एकट्याच खुदकन हसल्या. आम्ही सगळे त्यांच्या चेहऱ्याकडे बघत राहिलो.

"थांबा," काकू म्हणाल्या, "आत्ता बोलेल तो."