मागच्या बाकावरच्या वहिनी

आधी वहिनींचं सांगतो, मग केसचं. त्या नसत्या तर सातवीतून शाळा सोडलेला मी केव्हाच कुवेतमधून रत्नागिरीला परत गेलो असतो. वहिनी नात्यातल्या नव्हेत. पुण्याच्या, नवरा तेल कंपनीत इंजिनीयर, घर सालमियात. एका वकिलाच्या ऑफिसात त्या आपल्या लोकांना कोर्टात बोलायला तयार करायच्या. कुठे थांबायचं, दुभाष्याला वेळ कसा द्यायचा, कोणत्या उत्तराला न्यायाधीशांचा चेहरा बदलतो, हे सगळं त्यांनी कोर्टात बसून बसून हेरलेलं.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. शुवैखच्या गोदामात मी फोर्कलिफ्ट चालवायचो. ब्रेक धरत नाही, हे सकाळीच मुदीरला, म्हणजे मॅनेजरला, सांगितलं होतं. "आजचा दिवस चालव," तो म्हणाला. दुपारी हेल्परचा पाय मोडला आणि केस माझ्यावर आली. दोषी ठरलो की थेट विमानात. मुदीर आमच्या शेजारच्या गावचा, मला इथे आणलेलं त्यानेच. आता तो म्हणत होता, ब्रेकचं मला कुणी बोललंच नाही.

वहिनींनी घरी बोलावलं. "इथल्या कोर्टात ज्यूरी नसते, पण माझ्या घरी आहे." नवरा, कॉलेजातली मुलगी आणि वरच्या मजल्यावरचे काका, तिघांना त्यांनी सोफ्यावर बसवलं.

"अहो, बनियनवर न्याय करणार? शर्ट घाला."

"एसी बंद आहे, न्यायाला घाम येईल," म्हणत वहिनींचे साहेब उठले.

वहिनी विचारत गेल्या, मी सांगत गेलो. सगळं खरं. मग त्यांनी सोफ्याला विचारलं, "पटलं?"

"नाही बुवा," काका म्हणाले.

"ममा, ही इज लाइंग," मुलगी म्हणाली. "दर वेळी आधी बाबांकडे बघतो."

बघत होतो खरा. गोदामात कुणी काही विचारलं की आधी साहेबाकडे बघायचं, त्याने मान हलवली की तोंड उघडायचं, हीच आमची रीत.

"अरे, तिथे मुदीरकडे बघितलंस तर न्यायाधीशांना वाटेल, शिकवलेलं बोलतोय. चल, पुन्हा."

पुन्हा केलं, परत केलं. मान काही ऐकेना. बसमध्येसुद्धा ती ताठ धरून बसायचो, शेजारचा विचारायचा, लचकली का?

कोर्टात मुदीर मागच्या बाकावर होता. दुभाष्याने हिंदीत विचारलं, "ब्रेक का किसको बताया था?" आणि मान वळलीच. पण मुदीर दिसलाच नाही. त्याच्या बरोबर पुढे वहिनी येऊन बसल्या होत्या, पाठ ताठ, पदर पसरून. त्यांनी डोळ्यांनीच दटावलं: समोर!

मी न्यायाधीशांकडे बघून सांगितलं, "मुदीर को. सुबह."

मी सुटलो. मुदीर पुन्हा माझ्याशी बोलला नाही, मला नोकरीही दुसरी शोधावी लागली. अजूनही कुणी काही विचारलं की मान आधी मागे वळते.

वहिनी आता पुण्यात असतात. त्यांच्यावर कधी कुणापुढे उभं राहायची वेळ आली, तर मी सगळं सोडून येईन आणि त्यांच्या मागच्या बाकावर बसेन. हे मी फेडणार आहे, वहिनी.