हात धुण्याचा हुकूम

"आधी हात धुवून ये. मग फाईलला हात लाव."

साहेब हे भर दुपारी म्हणाले. समोर चार शेतकरी आणि दोन ठेकेदार बसलेले. ठेकेदार हसले. शेतकरी खाली बघत राहिले. मी फाईल धरून तशीच उभी.

पवनी तालुक्यातल्या एका सरकारी ऑफिसात मी शिपाई होते. बाप नोकरीत असतानाच गेला, त्याच्या जागी लागले. आम्ही ढीवर. माय तलावातली मासळी बाजारात विकते. साहेबांना हे कळलं त्या दिवसापासून माझ्या हाताला त्यांना वास येऊ लागला. वर्षभर हात धुतले मी. फाईल न्यायच्या आधी, पाणी द्यायच्या आधी. दुसऱ्या शिपायाला कुणी काही म्हणत नव्हतं. आणि बाजाराच्या दिवशी हेच साहेब मला सांगायचे, "आईला म्हणावं, चांगली मरळ काढून ठेव." तेव्हा वास येत नसे!

त्या दिवशी माझं डोकं सटकलं. फाईल त्यांच्या टेबलावर ठेवली आणि म्हणाले, "नाई धूत."

आठ दिवसांत दोषारोपपत्र आलं. वरिष्ठांच्या आदेशाची अवज्ञा, लोकांसमोर उद्धट वर्तन. चौकशी अधिकारी भंडाऱ्याहून आले. त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला, "साहेबांचा आदेश तुम्ही पाळला नाही, हे खरं आहे का?"

"हाव. नाई पाळला."

खरं होतं, खरं सांगितलं. मला वाटलं, आता विचारतील, का नाही पाळला? सगळं बोलायचं ठरवून गेले होते मी. तो प्रश्न आलाच नाही. त्यांनी लिहिलं, 'आरोप मान्य', आणि बोट ठेवलं तिथे मी मूर्खासारखी सही केली. साहेबांना साक्षीला बोलवायचीही गरज उरली नाही. मला नोकरीवरून काढून टाकलं.

मग नागपूरचं कोर्ट. तारखांमागून तारखा. वकील समजावायचे, "कोर्ट नव्याने चौकशी करत नाही, बाई. चौकशी नियमाने झाली का, शिक्षा जास्त आहे का, एवढंच बघतं."

"मंग तो हुकूम बराबर होता का, हे कोन पायते?"

वकिलांनी पुढची तारीख डायरीत लिहून घेतली.

निकाल लागला. शिक्षा फारच कडक म्हणून रद्द. कमी शिक्षा ठरवायला प्रकरण परत ऑफिसकडे. गावात सगळे म्हणाले, "जिकली पोरगी!" माय रडली. मी निकाल तीनदा वाचून घेतला. दोष जिथल्या तिथे होता. आरोप कबूल केल्याचं त्यातही लिहिलं होतं. काय कपाळ जिंकले मी!

ऑफिसात गेले तर बडेबाबूंनी, म्हणजे हेडक्लार्कनी, टाईप केलेला कागद पुढे सरकवला. 'माझ्याकडून चूक झाली, त्याबद्दल खेद आहे.' सही केली की ठपक्यावर भागणार, सोमवारपासून कामावर. बडेबाबू माणूस वाईट नाही.

"कर ना सही. कायले एवढा ताठा? मायकडे पाय जरा."

मायचे गुडघे गेलेत. टोपली उचलवत नाही तिला. खोटं कशाला सांगू, पेन हातात घेतलं होतं मी. मग तो शब्द पुन्हा वाचला. चूक. कोणाची? अंगाची आग आग झाली. ही सही केली असती तर उद्या आमच्यातली दुसरी पोर तिथे लागली की तिलाही हाच कागद दाखवला असता.

मी कागद परत केला. कोरा मागून अर्ज लिहिला. हुकूम पाळला नाही एवढंच मी सांगितलं, आरोप कबूल केलेला नाही. मला कारण विचारलेलं नाही. चौकशी पहिल्यापासून करा, साहेबांना साक्षीला बोलवा.

बडेबाबूंनी कपाळाला हात लावला. "हे लोक आयकतीन का तुह्यं? पुन्हा कोर्टात जा लागन. बुढी होशीन तू."

"होईन. पोच द्या."

साहेब आता निवृत्त झालेत. होऊ देत. त्यांना साक्षीला बसवल्याशिवाय मी सोडणार नाही. आणि या वेळी प्रश्न मी विचारणार.